कपाळाला लावलेली वही

अमेरिकेतल्या आमच्या ट्रॉय गावात रागवायची पद्धत नाही. शेजाऱ्याचं कुत्रं तुमच्या लॉनवर घाण करून गेलं तरी हात हलवून हसायचं, आणि काय बोलायचं ते घरात येऊन, दार लावून बोलायचं. मिशिगनमध्ये एकवीस वर्षं काढून मीही हे शिकले. म्हणूनच शेजारच्या नेरिमान तेयझे मला आवडतात. त्या रागावतात. उघड, दारात उभ्या राहून, हातातला झाडू खाली न ठेवता.

तेयझे म्हणजे तुर्की भाषेत मावशी. वय एकोणऐंशी. तुर्कस्तानात कास्तामोनू नावाचं गाव आहे, तिथल्या. १९७१ साली नवऱ्यामागे डेट्रॉइटला आल्या. नवरा वेल्डर होता, ह्यांनी सत्तावीस वर्षं गाड्यांच्या सीटांची कव्हरं शिवली. एकदा मशीनची सुई उजव्या अंगठ्यातून आरपार गेली. त्या नखाची दोन शकलं अजून तशीच आहेत. सुपरवायझर म्हणाला, घरी जा. ह्या म्हणाल्या, आधी सगळ्या मशीनना सुईपुढे गार्ड लावा, मग जाते. आणि अंगठ्याला फडकं गुंडाळून तिथेच बसून राहिल्या. संध्याकाळपर्यंत गार्ड लागले. ही गोष्ट त्या आजही काल घडल्यासारखी सांगतात, आणि त्या सुपरवायझरला आजही शिव्या घालतात.

नवरा गेला, मूलबाळ नाही. जवळचा म्हणावा असा एकच, भावाचा मुलगा केनान. तो इथेच वाढला. हायवेलगत त्याचं मोठं तुर्की रेस्टॉरंट आहे आणि आता त्याला दुसरं काढायचं आहे. पहिल्या रेस्टॉरंटचं नुसतं नाव निघालं तरी तेयझेंच्या तळपायाची आग मस्तकात जाते. भिंतीवर वाकड्या तलवारी. दोन पडद्यांवर दिवसभर सुलतान आणि त्यांच्या राण्यांच्या मालिका. दारात लाल फेझ टोप्यांची टोपली, फोटो काढण्यासाठी. वेटर ग्वाटेमालाचे, त्यांच्याही डोक्यावर फेझ.

"शंभर वर्षांपूर्वी आमच्या सरकारने ही टोपी बंद केली," तेयझे मला म्हणाल्या होत्या. "टोपी घातली म्हणून लोक तुरुंगात गेले. आणि हा ती घालून डाळीचं सूप विकतो."

केनान गिऱ्हाइकांना सांगतो, आम्ही एका पाशाचे वंशज आहोत. कुठला पाशा, कधीचा, ते त्यालाही ठाऊक नाही. तेयझेंच्या आजोबांचं चामड्याच्या जोड्यांचं दुकान होतं आणि ते तरुणपणीच लढाईत गेले. पण जोडे शिवणाऱ्याच्या पणतूकडे कबाब खायला कोण येणार? मागे एकदा केनानने ही पाशाची शेखी आमच्या अण्णांपुढे मिरवली. अण्णांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि मला म्हणाले, "त्याला सांग, तुमच्या शेवटच्या खलिफासाठी आमच्या खुलताबादेत कबर बांधून ठेवली होती. तो काही आला नाही. रिकामीच आहे."

अण्णा म्हणजे माझे सासरे, प्रल्हाद. मूळचे सेलूचे, वय एकोणनव्वद. सासूबाई गेल्यावर आम्ही त्यांना इथे आणलं. इथल्या मराठी मंडळात कुणी विचारलं की मी सांगायचे, "अण्णा फारसे शिकलेले नाहीत, पण हुशार आहेत हं." हे वाक्य मी किती वर्षं बोलत होते! आता आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

खरी हकीकत अशी. अण्णा लहान असताना सेलूत निजामाचं राज्य होतं आणि शाळा उर्दूत. वर्गात मराठी शब्द तोंडातून निघाला की मास्तर हात पुढे करायला लावून वेताची छडी मारत. घरात मराठी, शाळेत उर्दू, असं करत अण्णा पाचवीपर्यंत पोचले, आणि चांगले वाचू-लिहू लागले. मग निजाम गेला. सगळ्या गावाने गूळ वाटला, अण्णांनीही वाटला. पण शाळा मराठी झाली आणि पाचवीतलं हे पोर पहिलीतल्या पोरांशेजारी बसून अ आ गिरवू लागलं. दोन वर्षांत वडील वारले, शाळा सुटली, जिनिंग फॅक्टरीत कामाला लागले. झालं शिक्षण. त्यांना उर्दू वाचता येतं हे माझ्या नवऱ्याने, संग्रामने, मला लग्नानंतर सहा वर्षांनी सांगितलं. वर म्हणाला, "मंडळात बोलू नकोस यार, लोक उगाच प्रश्न विचारतात." मी मान डोलावली. इथे राहून मान डोलवायची सवय लागते.

तर ती वही.

एप्रिलमधल्या एका गुरुवारी दुपारी तेयझे कापडी पिशवी घेऊन आमच्या किचनमध्ये आल्या. मी घरून काम करते; लॅपटॉप मिटला आणि चहा ठेवला. पिशवीतून त्यांनी एक जाड वही काढली. पुठ्ठा काळपट हिरवा, कडा खाल्लेल्या. टेबलावर ठेवण्याआधी वहीचं चुंबन घेतलं आणि ती कपाळाला टेकवली.

ही त्यांच्या आईच्या आईची, सफिये आजीची, वही. त्या तिला निने म्हणत. आत सगळं जुन्या तुर्की लिपीत, म्हणजे अरबी अक्षरांत, लिहिलेलं. १९२८ साली तिथल्या सरकारने ती लिपी बंद करून इंग्रजीसारखी अक्षरं आणली. तेयझेंची आई नव्या अक्षरांत शिकली, तेयझेही. त्यामुळे निने गेल्यावर वही घरात कुणालाच वाचता येईना. कुराणासारखी अक्षरं, आणि निने नमाजानंतर एकटी बसून लिहायची, म्हणजे प्रार्थनाच असणार, असं आईने ठरवून टाकलं. वही पिशवीत घालून उंच खिळ्याला टांगली. सणाला सगळ्यांनी ती कपाळाला लावायची. पोराला ताप आला की त्याच्या उशाशी ठेवायची. साठ वर्षांहून जास्त हेच चाललं.

"केनान रविवारी येतोय," तेयझे म्हणाल्या. "सगळी पानं कापून फ्रेम करणार. नव्या रेस्टॉरंटच्या भिंती भरायच्यात. एक पान तर मी आधीच दिलं. पहिलं पान, शुभ म्हणून. त्याच्या आताच्या रेस्टॉरंटच्या दारात लावलंय. लोक हात जोडतात त्याला." मग थोडं थांबून म्हणाल्या, "प्रार्थना असेल तर लोकांनी बघावी, असं वाटलं. पण आता सगळीच द्यायची म्हटल्यावर झोप येत नाही. आत काय आहे ते माहीत नसताना कशी देऊ?"

"निने शिकलेली होती?" मी विचारलं.

"अंगठा लावायची," त्या म्हणाल्या, आणि हसल्या. ते हसणं मला आवडलं नाही. "मी पहिलीत असताना वाचता येऊ लागलं म्हणून शाळेत मला लाल रिबन लावली. मी घरी आले आणि निनेला म्हटलं, तुला काही येत नाही, मी शिकवते. रोज शिकवायचे. पण तिला साधं ए अक्षर येईना. मग मी आमच्या बाईंसारखी पट्टी घेतली आणि तिच्या बोटांवर मारली. मठ्ठ म्हणायचे तिला. आठवडाभर ती मुकाट्याने बसली."

कप माझ्या हातात तसाच राहिला. वही भरून लिहिणारी बाई आणि हिला ए अक्षर येईना? तेयझेंना इतक्या वर्षांत हे खटकलंच नव्हतं. प्रार्थना पाठ असतात, त्या काय कुणीही उतरवतं, असं त्यांच्या आईने सांगितलं होतं. आईने सांगितलेलं आपण तरी कुठे तपासतो?

इतका वेळ अण्णा खिडकीशी बसून शेंगा सोलत होते. ते उठले, वॉकर ढकलत आले आणि चष्मा पुसून वहीवर वाकले. बोट उजवीकडून डावीकडे हळूहळू सरकवू लागले. ओठ हलत होते.

"अण्णा, ते तुर्की आहे," मी म्हटलं.

"असू दे. अक्षर ओळखीचं आहे. मास्तरणीचं अक्षर आहे हे. एकेक अक्षर सुटं, ठसठशीत." मग त्यांनी वही मिटली, उलटी केली आणि दुसऱ्या बाजूने उघडली. "पहिलं पान इथे आहे, हिमानी. जागेवर. हे लिखाण उजवीकडून सुरू होतं. त्या पोराने कापलंय ते शेवटचं."

मी हे तेयझेंना सांगितलं. केनानने इंग्रजी पुस्तकासारखी वही उघडून समोर आलं ते पान कापलं होतं. तेयझेंनी तुर्कीत त्याला जे काही म्हटलं, त्याचा अर्थ मी विचारला नाही.

त्या दुपारपासून शनिवारपर्यंत आमच्या किचनच्या टेबलावर हे चालू होतं. अण्णांना तुर्की येत नाही, तेयझेंना ती अक्षरं येत नाहीत. अण्णा अक्षरं जोडून मोठ्याने वाचायचे, अडखळत, चुकत. पंचाहत्तर वर्षं त्यांनी त्या अक्षरांकडे पाहिलं नव्हतं. तेयझे डोळे मिटून ऐकायच्या आणि अचानक एखादा शब्द पकडायच्या. मग तो शब्द इंग्रजीत, मग मी तो मराठीत. एका अक्षरावर अण्णांचं गाडं अडलं: काफवर, म्हणजे त्या लिपीतल्या क वर, तीन टिंबं. असलं अक्षर उर्दूत नाही. तेयझेंनी अर्धा तास वेगवेगळे उच्चार लावून पाहिले, तेव्हा लक्षात आलं की तो नुसता न आहे. आणि कधी उलटंही व्हायचं. जुने शब्द तेयझेंना कळायचे नाहीत, कारण लिपीमागोमाग त्यांच्या भाषेतले जुने शब्दही खरवडून काढले होते. ते शब्द अण्णांना कळायचे. तुर्कस्तानातल्या आजीचा शब्द सेलूच्या माणसाने तिच्या नातीला समजावून सांगायचा! हे ज्यांनी घडवलं त्यांच्यावर रागवायचं म्हटलं तर कोणाकोणावर रागवणार?

वहीत एकही प्रार्थना नव्हती.

पहिल्या पानांवर मुलींची नावं होती. एक्केचाळीस. प्रत्येकीपुढे ती कुठवर वाचायला शिकली ते लिहिलेलं. निने विधवा झाल्यावर घरात मुलींना शिकवायची. सैनिकांच्या बायकांची पत्रं लिहून द्यायची, आलेली वाचून दाखवायची. पुढच्या पानांवर त्याच्याच नोंदी. मग नवी अक्षरं आली, आणि तिथून पुढे पानापानावर राग.

"पोस्टमनने माझं पाकीट परत आणलं. म्हणाला, पत्ता वाचता येत नाही. त्याच्या बायकोला वाचायला मी शिकवलं."

"मोठ्यांच्या शाळेत मला हातिजेशेजारी बसवलं. ही माझी विद्यार्थिनी. वीस वर्षांच्या पोराने माझं बोट धरून पाटीवर रेघ ओढली. मी उठून आले. पुन्हा जाणार नाही. अडाणी म्हणोत."

"जमिनीच्या कचेरीत मी माझं नाव लिहिलं. कारकून म्हणाला, हे लिखाण नव्हे. माझा अंगठा धरला, शाईत बुडवला आणि कागदावर दाबला."

हे वाक्य इंग्रजीत सांगताना तेयझेंचा आवाज चढला. "अंगठेबहाद्दर म्हणायचो आम्ही तिला," त्या म्हणाल्या. "पाहुण्यांसमोर. ती सरबत घेऊन यायची आणि आम्ही हसायचो." मग टेबलावर मूठ आपटली. "ती बोलली का नाही? ओरडली का नाही? एवढी जीभ होती ना!"

"कोणाला सांगणार?" अण्णा मराठीतच म्हणाले. "मी तरी कोणाला सांगितलं?"

ह्याचं मी भाषांतर केलं नाही. ते मला लागलं होतं.

शनिवारी संध्याकाळी आम्ही वहीच्या शेवटाला पोचलो. साल १९५३. अण्णांनी सावकाश वाचलं. "आज नेरिमान लाल रिबन लावून आली. मला शिकवते म्हणाली. मी बसले. सरकारच्या शाळेत बसले नाही, हिच्यापुढे बसले." पुढच्या दोन-तीन नोंदी तशाच छोट्या. मग, "आज तिने पट्टी आणली." आणि पान संपलं. पुढचं पान केनानच्या दारात टांगलेलं होतं.

तेयझे उठल्या. वही पिशवीत घातली. या वेळी कपाळाला लावली नाही.

रविवारी केनान यायच्या आत आम्हीच त्याच्याकडे गेलो. दुपारची गर्दी, दारात टेबलासाठी थांबलेली माणसं. ते पान सोनेरी चौकटीत, वर छोटा दिवा, खाली टोप्यांची टोपली. टेबलावर ताटाखाली घालायच्या कागदांवरही त्याच पानाचा फोटो छापला होता. एका माणसाच्या वाडग्यातलं सूप त्यावर सांडलेलं मला दिसलं. तेयझेंनाही दिसलं.

केनान हसत पुढे आला. "आंटी! व्हॉट अ सरप्राइज. वही आणलीत?"

"आणली," तेयझे म्हणाल्या. "त्याआधी हे वाचून दाखव."

"मला कुठे येतं? कमॉन, कोणालाच येत नाही. वाचता येत नाही म्हणून तर इतकं ब्यूटिफुल दिसतं."

काही वाक्यं ऐकल्यावर माणसाला काहीतरी फेकून मारावंसं वाटतं. मी पर्स घट्ट धरली. तेयझेंनी त्याच्याकडे पाहिलंही नाही. अण्णांना म्हणाल्या, "प्लीज."

अण्णा वॉकर घेऊन चौकटीसमोर उभे राहिले आणि वाचू लागले. मागे रांग थांबली. पडद्यावर कुठलातरी सुलतान घोड्यावरून चालला होता. आधी अक्षरं, मग तेयझेंचा तुर्की शब्द, मग इंग्रजी.

"मी मुद्दाम चुकते. मला येतं असं दिसलं तर ती उठून खेळायला जाईल. चुकले की अजून थोडा वेळ बसते."

तेयझेंनी चौकटीला हात टेकला.

"पण आज तिने मला मारलं. एक्केचाळीस मुली शिकवल्या, एकीवरही हात उगारला नाही. माझ्याच नातीला मारत शिकवायला कोणी शिकवलं? मला अंगठ्याची लाज वाटत नाही. मला याची..." इथे अण्णा थांबले. पुढचा शब्द त्यांनी दोनदा वाचला. तेयझेंना तो कळला नाही.

"खजालत," अण्णा मला म्हणाले. "तोंड दाखवायला जागा राहत नाही, अशी लाज. सांग तिला."

मी सांगितलं. तेयझेंनी मान हलवली. "पुढे."

"नेरिमान मोठी झाली तरी तिला हे वाचता येणार नाही. म्हणून तर मोकळेपणाने लिहिते."

त्याखाली काही नव्हतं.

तेयझे रडतील असं मला वाटलं. त्या रडल्या नाहीत. काचेकडे बघत तुर्कीत दोन शब्द बोलल्या. नंतर गाडीत मी अर्थ विचारला. 'वाचलं, निने.' एवढंच म्हणाल्या होत्या. मग दोन्ही हातांनी चौकट खिळ्यावरून काढली. केनान "आंटी, आंटी" करत मधे आला.

"ओके, ओके, पण त्यात लिहिलंय काय? सुलतानाबद्दल काही आहे का?"

"शीक," तेयझे म्हणाल्या. "शीक आणि मग वाच." आणि चौकट काखेत मारून रांगेतून बाहेर पडल्या. वही पिशवीतच राहिली.

केनानने आता त्या जागी आणखी एक तलवार लावली आहे. शोभून दिसते, असं आमच्या मंडळातली रत्ना सांगत होती; तिथे तिच्या मुलीचा वाढदिवस केला त्यांनी. बोलता बोलता तिने विचारलं, तुझे सासरे फारसे शिकलेले नाहीत ना? मी म्हटलं, दोन लिप्या येतात त्यांना, तुला किती येतात? रत्ना अजून माझ्याशी नीट बोलत नाही. नको बोलू दे.

गेल्या मंगळवारी तेयझे रेघांची कोरी वही घेऊन आमच्याकडे आल्या. अण्णांनी पहिलं अक्षर काढून दिलं. अलिफ, एक उभी रेघ. तेयझेंनी गिरवलं. दुभंगलेल्या नखाच्या अंगठ्यात पेन्सिल नीट बसेना, रेघ वाकडी गेली. त्यांनी पेन्सिल ठेवली आणि उजवा हात टेबलावर पुढे केला, तळवा वर करून.

अण्णा त्या हाताकडे बघत राहिले. मग त्यांनी पेन्सिल उचलून त्या तळव्यावर ठेवली.

"पुन्हा काढा," अण्णा मराठीत म्हणाले.